पहिल्यांदा नगरसेवक झालात? कुठे वाकायचं आणि कुठे नाही, हे आधी ठरवा

नाशिक महापालिकेतल्या नव्या नगरसेवकाची पहिली तडजोड बहुतेक वेळा मंडपवाल्याशी होते. निकाल लागतो, गुलाल धुऊन होतो आणि मंडप, स्पीकर, रिक्षा, जेवणावळी, छपाई यांची बिलं मागायला गेलं की समोरून उत्तर येतं, "राहू द्या ना भाऊ, आपल्यात कसला हिशेब." ऐकायला गोड वाटतं, पण महिना-दोन महिन्यांत तोच माणूस किंवा त्याचा मेहुणा उद्यानाच्या ठेक्याची फाइल घेऊन दारात येतो. तेव्हा "नाही" म्हणायला तोंड उरत नाही. पैसे मागायला आलेल्या माणसाला नकार देणं त्या मानाने सोपं असतं. पैसे न मागणाऱ्याला नकार देणं फार अवघड.

म्हणून निवडून आल्यावरचं पहिलं काम म्हणजे ही बिलं वसूल करणं. वसूल हाच शब्द बरोबर आहे, कारण लोक बिल देत नाहीत, ते मागून मागून घ्यावं लागतं. त्यासाठी सबबही तयार आहे. निवडणूक खर्चाचा हिशेब निकालापासून ३० दिवसांत सादर करावा लागतो आणि तो न दिल्यास राज्य निवडणूक आयोग ३ वर्षांपर्यंत अपात्र ठरवू शकतो. "आयोगाला द्यायचंय, बिलाशिवाय माझी खुर्ची जाईल," असं सांगितलं की कोणाचा अपमानही होत नाही.

मग एक वही घ्या आणि तीन रकाने पाडा: स्वतःचा पैसा, पक्षाचा पैसा, दुसऱ्याचा पैसा. तिसऱ्या रकान्यात नाव आणि रक्कम तर लिहाच, पण तो माणूस काय धंदा करतो आणि महापालिकेत त्याचं काही अडकलेलं आहे का, हेही लिहा. बांधकाम परवानगी, ठेका, भूसंपादन, घरपट्टीचा वाद, काहीही. ज्यांचं काही अडकलेलं आहे त्यांचे पैसे आधी परत करा. चेकने किंवा बँकेतून, हप्त्याने असले तरी चालतील, पण नोंद राहिली पाहिजे. जे परत करणं शक्यच नाही, त्या नावापुढे आजच लिहून ठेवा: "याच्या विषयावर मी मत देणार नाही." विषय पटलावर आल्यावर हे ठरवायला बसलात तर कारणं सापडतात, आणि ती खरीही वाटतात.

महिन्याचा खर्चही याच वहीत मांडा. मानधन काही हजारांचं आणि खर्च त्याच्या कितीतरी पट: संपर्क कार्यालयाचं भाडं, फोन उचलायला एक पोरगा, लग्नातले आहेर, दहाव्याला जाणं-येणं, गणेश मंडळांची वर्गणी. घसरण इथूनच सुरू होते. वर्गणीसाठी एकच आकडा ठरवा, प्रभागातल्या सगळ्या मंडळांना तेवढाच द्या आणि पावती घ्या. एका मंडळाला पाच हजार आणि दुसऱ्याला अकरा दिले की पुढच्या वर्षी सगळ्यांना अकरा द्यावे लागतात, आणि ते कुठून आणायचे हा प्रश्न कोणीतरी "मित्र" सोडवतो.

कायद्याने आखलेली रेघ

तत्त्वांवर भाषण करण्याआधी महाराष्ट्र महानगरपालिका अधिनियम, १९४९ यातलं कलम १० शांतपणे वाचा. नगरसेवकपद जाण्याची कारणं तिथे आहेत आणि त्यातली दोन नव्या माणसाला हमखास अडकवतात.

पहिलं, महापालिकेच्या कोणत्याही कंत्राटात स्वतःचा किंवा भागीदाराचा प्रत्यक्ष वा अप्रत्यक्ष हितसंबंध. "माझ्या नावावर काहीच नाही, भाचा बघतो" हे चावडीवर चालतं. पण भाच्याच्या फर्मच्या खात्यातून तुमच्या गाडीचा हप्ता जात असेल तर "अप्रत्यक्ष" या शब्दात ते बरोबर बसतं. निवडून येण्याआधीपासून चालू असलेलं काम असेल तर वकिलाला कागद दाखवा आणि भागीदारीतून बाहेर पडल्याची नोंद करून घ्या. तोंडी बाहेर पडल्याला काही अर्थ नाही.

दुसरं आहे अनधिकृत बांधकाम, कलम १० (१ड). स्वतः, पती-पत्नीने किंवा अवलंबून असलेल्या व्यक्तीने असं बांधकाम केलं तर पद जातं, हे बहुतेकांना ठाऊक असतं. ठाऊक नसतं ते पुढचं. अशा बांधकामाला नगरसेवक म्हणून मदत केली, किंवा ते पाडायला आलेल्या अधिकाऱ्याला लेखी पत्र देऊन वा प्रत्यक्ष उभं राहून अडवलं, अडवायचा प्रयत्न जरी केला, तरी पद जाऊ शकतं. सिडकोतल्या वाढीव खोल्या असोत, सातपूर-अंबडच्या वसाहतींतले पत्र्याचे शेड असोत की गंगापूर रोडवरचं टेरेसवरचं हॉटेल, पहिल्याच आठवड्यात कोणीतरी रडकुंडीला येऊन म्हणणार, "साहेबांना एक पत्र द्या." इथे पत्राचा मजकूर फार जपून लिहावा लागतो.

"सदर मिळकतीवरील कारवाई तूर्त थांबवावी" हे वाक्य लेटरहेडवर कधीही येता कामा नये. त्याऐवजी हे लिहा: "सदर रहिवाशास नियमानुसार नोटीस बजावली आहे काय, त्यांना म्हणणे मांडण्याची संधी देण्यात आली आहे काय व बांधकाम नियमित होण्यास पात्र आहे काय, याची माहिती मिळावी." त्या माणसाला खरोखर जेवढी मदत करणं शक्य आहे तेवढी या पत्राने होते, कारण नोटीस चुकीची असेल तर ती याच तीन प्रश्नांत उघडी पडते. अधिकाऱ्याला पाठवलेला व्हॉट्सअॅप संदेशही लेखीच, हे विसरू नका. आणि जेसीबीसमोर उभं राहून काढलेला फोटो स्वतःच फेसबुकवर टाकणं म्हणजे पुरावा स्वतः नेऊन देणं.

लेटरहेडची शिस्त पहिल्या दिवसापासून लावा. कोऱ्या लेटरहेडवर सही करून ठेवू नका, कार्यकर्ता कितीही विश्वासू असला तरी. प्रत्येक पत्राला जावक क्रमांक, तारीख आणि एक प्रत फाइलला. महापालिकेत पत्र दिलं की पोच घ्यायचीच.

लाचेबद्दल थोडक्यात. नगरसेवक लोकसेवक आहे. भ्रष्टाचार प्रतिबंधक कायद्यात २०१८ च्या दुरुस्तीनंतर लाच घेण्याला किमान ३ आणि कमाल ७ वर्षं शिक्षा आहे, आणि ती दुसऱ्यासाठी घेतली तरीही. "पक्षासाठी घेतले" हा बचाव होत नाही. तुमच्या नावावर कोणी पैसे मागतोय असं कानावर आलं तर त्याच दिवशी लाचलुचपत प्रतिबंधक विभागाला १०६४ वर कळवा आणि लेखी तक्रारही द्या. आठवडाभर थांबलात तर तुम्हाला माहीत होतं, एवढंच सिद्ध होतं.

या रेघेच्या अलीकडे मात्र भरपूर जागा आहे, आणि तिथे तडजोड केल्याशिवाय एक गटारही होत नाही. तिथली कसोटी साधी ठेवा. ज्या तडजोडीचं कारण महासभेत माइकवर सांगता येतं आणि इतिवृत्तात छापून आलं तरी झोप उडत नाही, ती करा. जी फक्त फोनवर, तीही व्हॉट्सअॅप कॉलवरच बोलता येते, ती करू नका. तुमच्या प्रभागातला जॉगिंग ट्रॅक यंदा सोडून शेजारच्या प्रभागातल्या मलवाहिनीला मत दिलंत आणि बदल्यात पुढच्या वर्षी त्यांचं मत मागितलंत, तर त्यात लाजण्यासारखं काही नाही. ते सभागृहात उघड सांगता येतं.

पक्ष, व्हीप आणि जादा विषय

निवडून आल्यावर पक्षाच्या सदस्यांच्या गटाची नोंदणी विभागीय आयुक्तांकडे, म्हणजे नाशिकरोडच्या कार्यालयात होते. त्या कागदावर सही करण्याआधी वाचा. महाराष्ट्र स्थानिक प्राधिकरण सदस्य अनर्हता अधिनियम, १९८६ नुसार पक्षादेशाविरुद्ध, म्हणजे व्हीपविरुद्ध मतदान केलं किंवा मतदानाला गैरहजर, तटस्थ राहिलात आणि पक्षाने ते १५ दिवसांत माफ केलं नाही, तर सदस्यत्व जाऊ शकतं. तटस्थ राहिलं की सुटलो, हा गैरसमज फार पसरलेला आहे.

पण हा कायदा मताला लागतो, भाषणाला नाही. आणि व्हीप दर विषयावर निघत नाही. महापौर निवड, स्थायी समिती, एखादा मोठा ठेका यांवर निघतो. बाकी वेळ "वरून सांगितलंय" एवढ्यावरच काम चालतं. तेव्हा पटत नसलेल्या विषयावर क्रम असा ठेवा. महासभेच्या आधी पक्षाची बैठक होते, तिथे आक्षेप मांडा आणि त्याच संध्याकाळी गटनेत्याला दोन ओळी लेखी पाठवा. पक्षादेश लेखी आहे का, ते विचारा. लेखी नसेल तर सभागृहात बोला आणि "माझा विरोध नावासह नोंदवावा" असं स्पष्ट म्हणा. लेखी असेल तर मत पक्षाला द्या, पण बोलताना आक्षेप मांडा. विषय इतका वाईट असेल की मतही देववत नाही, तर आधी पक्षाकडे परवानगी मागा, नाही मिळाली तर किंमत मोजायची तयारी ठेवून विरोधात मत द्या. अशी वेळ पाच वर्षांत एक-दोनदा येते. दर महिन्याला येत असेल तर पक्ष निवडतानाच काहीतरी चुकलंय.

खरी गडबड विषयपत्रिकेवरच्या विषयांत कमी आणि ऐनवेळी घातलेल्या जादा विषयांत जास्त असते. सभा सहा तास चालते, पाणीटंचाईवर आरडाओरडा होतो, लोक दमतात आणि शेवटी "सर्व जादा विषय मंजूर" असं म्हणून दहा मिनिटांत सगळं उरकलं जातं. कोट्यवधींचे प्रस्ताव तिथून निघून जातात. म्हणून घरी लवकर जायची सवय लावू नका. सभा सुरू होतानाच जादा विषयांची यादी नगरसचिवांकडे लेखी मागा. शेवटी ती वाचून दाखवण्याची मागणी करा, एवढ्यानेही दोन-चार प्रस्ताव गुपचूप मागे घेतले जातात. पुढच्या सभेत मागचं इतिवृत्त कायम होतं. तुमचा विरोध त्यात आलाय का आणि न बोललेलं काही घुसलंय का, हे त्याच सभेत बघा. कायम झालेलं इतिवृत्त नंतर बदलत नाही.

स्थायी समितीवर १६ सदस्य असतात आणि दर वर्षी निम्मे निवृत्त होतात. तिथे जाण्यासाठी एवढी रस्सीखेच का होते, ते सांगायला नको. तत्त्वाला धरून असलेल्या माणसाने तिथे जायचं टाळू नये, उलट मागून घ्यावं. निविदेचा तुलनात्मक तक्ता, दर आणि अटी अधिकृतपणे हातात पडायची जागा तीच आहे. फक्त कागद आदल्या रात्री वाचूनच जा.

काम, बिल आणि टक्केवारी

टक्केवारी कुठून जन्मते, हे कळलं तर ती कुठे अडवायची हेही कळतं. दर वर्षी आयुक्त अंदाजपत्रक मांडतात. स्थायी आणि महासभा त्यात आपापली कामं घालतात, आणि ती बसावीत म्हणून जमेची बाजू फुगवतात. घरपट्टीची वसुली एवढी होईल, जागा विकून तेवढे येतील. पैसे प्रत्यक्षात येत नाहीत. कामं मात्र मंजूर झालेली असतात, कार्यारंभ आदेश निघालेले असतात. मग दायित्व, म्हणजे देणी वाढतात, ठेकेदाराचं बिल महिनोन्‌महिने लेखा विभागात पडून राहतं, आणि कोणाचं बिल आधी काढायचं याला भाव येतो. तो भाव ठेकेदार पुढच्या कामाच्या दर्जातून वसूल करतो. तेव्हा "माझ्या प्रभागात बारा कामं धरली" असा फलक लावण्याआधी स्वतःलाच विचारा की त्यातल्या किती कामांना पैसे आहेत. चार धरा, पण निधीची तरतूद दाखवूनच धरा. कार्यकर्ते नाराज होतील. बारातली आठ कामं तीन वर्षं कागदावर राहिली तर मतदारही नाराज होतील.

काम सुरू झालं की नगरसेवकाकडे अभियंत्याची पदवी असायची गरज नाही. चार कागद आणि एक मोजपट्टी पुरते. उपअभियंत्याकडून प्राकलन (कामाच्या खर्चाचा व मोजमापाचा अंदाज), कार्यारंभ आदेश आणि निविदेच्या अटींची प्रत मागा, आणि काम संपताना मोजमाप पुस्तकातल्या नोंदी. नाही दिल्या तर माहिती अधिकारात अर्ज करा. १० रुपये शुल्क, ३० दिवसांची मुदत, आणि नगरसेवकाने असा अर्ज करायला कायद्याची आडकाठी नाही. कमीपणा वाटत असेल तर बाजूला ठेवा.

डांबरी रस्त्याचं उदाहरण घ्या. कॉलनीतला १०० मीटर लांब, ६ मीटर रुंद रस्ता, प्राकलनात वरचा थर ३० मिलिमीटर. १०० गुणिले ६ गुणिले ०.०३ म्हणजे १८ घनमीटर. दाबलेलं डांबरी मिश्रण घनमीटरला साधारण २.३ टन भरतं, म्हणजे सुमारे ४१ टन माल रस्त्यावर पडायला हवा. आता प्रत्येक डंपरसोबत वजनकाट्याची पावती असते. त्या पावत्यांचे फोटो काढा आणि बेरीज करा. बेरीज ३४ च्या आसपास आली तर थर २५ मिलिमीटरच पडलाय आणि सात टन माल कागदावरच राहिलाय. एकच पावती दोनदा लावलेली आढळते, म्हणून गाडी क्रमांक आणि वेळही बघा. हे सगळं काम चालू असतानाच करायचं. रोलर फिरला की थर मोजायला कोअर (रस्त्याला भोक पाडून काढलेला नमुना) काढावा लागतो आणि मग तज्ज्ञ, प्रयोगशाळा, पत्रव्यवहार यांत पावसाळा येतो.

काँक्रीटच्या रस्त्याला १५० मिलिमीटरचे ठोकळे भरून ७ आणि २८ दिवसांनी तपासतात. एम-४० म्हटलं की २८ दिवसांनी चौरस मिलिमीटरला ४० न्यूटन ताकद हवी. ठोकळे भरताना हजर राहा, त्यांच्यावर तारीख टाकून घ्या आणि ते त्याच कामावरच्या मिक्सरमधून भरले जातायत का, ते बघा. नाहीतर चांगल्या मालाचे वेगळे ठोकळे प्रयोगशाळेत जातात. पेव्हर ब्लॉकमध्ये जाडी बघा: पदपथाला ६० मिलिमीटर चालतो, गाड्या जाणाऱ्या जागी ८० हवा. प्राकलनात ८० आणि जागेवर ६०, हा प्रकार मोजपट्टीने एका मिनिटात पकडता येतो.

काम कमी दराने घेतलेलं असेल, अंदाजापेक्षा पंचवीस-तीस टक्के खाली, तर जास्त डोळा ठेवा. एवढ्या कमीत परवडत नाही, ते कुठूनतरी काढलं जाणारच. दोष दायित्व कालावधी, म्हणजे बिघाड ठेकेदाराने स्वतःच्या खर्चाने दुरुस्त करायची मुदत किती, हे कार्यारंभ आदेशात असतं. तो रस्त्याच्या कडेच्या फलकावर मोठ्या अक्षरात लिहायला लावा. खड्डा पडला की लोकच विचारतील.

काही ठेकेदार बिलासोबत लावायला नगरसेवकाचं "काम समाधानकारक झाले" असं पत्र मागतात. देऊ नका. मोजमापाची जबाबदारी अभियंत्याची आहे. ते पत्र दिलंत की उद्या रस्ता उखडला तर अभियंता तुमच्याकडे बोट दाखवेल. आणि एकदा ते पत्र तुमच्या हातात आलं की त्याची किंमत विचारणारेही येतील.

आयुक्तांशी कसं वागायचं

२०१८ साली नाशिकमध्ये तत्कालीन आयुक्त तुकाराम मुंढे आणि सभागृह यांच्यात करवाढीवरून जुंपली, अविश्वास प्रस्तावापर्यंत गोष्ट गेली, तो मागे घ्यावा लागला आणि त्याच वर्षाच्या अखेरीस आयुक्तांची बदली झाली. त्या वादात कोण बरोबर होतं यावर शहरात अजून दोन तट आहेत. नव्या नगरसेवकाने त्यातून घ्यायचं ते गणित असं. आयुक्तांवरच्या अविश्वासाला एकूण सदस्यांच्या पाच-अष्टमांश मतं लागतात, म्हणजे नाशिकच्या १२२ पैकी ७७. दुसरीकडे, सभागृहाचा एखादा ठराव बेकायदा वा जनहिताविरुद्ध वाटला तर कलम ४५१ खाली शासन तो निलंबित किंवा रद्द करू शकतं. म्हणजे ओरडून आयुक्त हलत नाहीत आणि बहुमताने केलेला प्रत्येक ठरावही टिकत नाही. लेखी प्रश्न मात्र टिकतो. नगरसेवकाला प्रशासनाबद्दल प्रश्न विचारायचा हक्क अधिनियमाने दिलाय. "रस्ते कधी होणार?" असा प्रश्न विचारलात तर "कार्यवाही सुरू आहे" हे उत्तर येणार. "अमुक कार्यारंभ आदेशानुसार काम संपण्याची तारीख कोणती, मुदतवाढ किती वेळा दिली, दंड किती आकारला?" असं विचारा. याला गोल उत्तर देता येत नाही.

कलम ६७ (३) (क) हा नाशिकमध्ये सगळ्यांच्या तोंडी असलेला आकडा आहे. अचानक आपत्ती आली, जीविताला धोका झाला तर आयुक्तांना तातडीने काम करून घेण्याचे अधिकार त्यात आहेत, आणि ते स्थायीला व महासभेला कळवायचं असतं. गोदावरीला पूर येऊन नाला फुटला तर हे बरोबर. तारीख दोन वर्षं आधीपासून ठाऊक असलेल्या कामाला हे कलम लावलं जात असेल तर "यात अनपेक्षित काय होतं?" एवढंच विचारा. सिंहस्थ जवळ आला की ही घाई वाढते. शिवाय सिंहस्थाचे बरेच निर्णय आता महासभेबाहेर, कुंभमेळा प्राधिकरण आणि शासनाच्या पातळीवर होतात. सिंहस्थासाठी तपोवनातली झाडं तोडण्यावरून जो वाद पेटला त्यात बरेच लोकप्रतिनिधी आंदोलन सुरू झाल्यावर जागे झाले. झाडं तोडण्याचा प्रस्ताव वृक्ष प्राधिकरणाकडे येतो, जाहीर नोटीस निघते, हरकतींना मुदत असते. ती मुदत चालू असताना दिलेली एक हरकत नंतरच्या दहा भाषणांपेक्षा कामाची. आपल्या विभागाच्या उद्यान निरीक्षकाला सांगून ठेवा की अशी नोटीस निघाली की प्रत तुम्हाला हवी.

आरक्षणाचे भूखंड

इथे कोणी काही मागत नाही, फक्त तुम्ही गप्प बसावं अशी अपेक्षा असते. नाशिकचा सुधारित विकास आराखडा २०१७ साली मंजूर झाला. प्रादेशिक व नगररचना अधिनियमाच्या कलम १२७ नुसार आरक्षित जागा दहा वर्षांत संपादित झाली नाही तर मालक नोटीस देऊ शकतो, आणि त्यानंतर २४ महिन्यांत संपादनाची पावलं पडली नाहीत तर आरक्षण आपोआप संपतं. म्हणजे २०२७ पासून अशा नोटिसा यायला लागणार, नेमक्या तुमच्याच कार्यकाळात. नगररचना विभागात फाइल २४ महिने टेबलाखाली राहिली तर शाळेची, बागेची, दवाखान्याची जागा कोणाचीही सही न होता जाते. ठरावही लागत नाही.

आराखड्याचा भागनकाशा घेऊन प्रभागातल्या सगळ्या आरक्षणांची यादी करा: आरक्षण क्रमांक, सर्व्हे नंबर, क्षेत्र, कशासाठी, ताबा कोणाकडे. दर सहा महिन्यांनी "१२७ च्या किती नोटिसा आल्या, तारखा कोणत्या" हे लेखी विचारा. रोख मोबदल्याने सगळ्या जागा घेण्याइतका पैसा महापालिकेकडे नसतो, आणि कोणाची जागा रोखीने घ्यायची यातच मोठा खेळ असतो. तिथे टीडीआर (रोखीऐवजी मिळणारा, दुसरीकडे वापरता येणारा बांधकामाचा हक्क) किंवा समावेशक आरक्षणाचा मार्ग सुचवा. समावेशक आरक्षणात मालक काही भाग स्वतः विकसित करतो आणि ठरलेली सुविधा बांधून महापालिकेला देतो. पूर्ण बाग मिळणार नाही, अर्धी मिळेल. शुद्ध तत्त्ववाद्यांना हे पटत नाही, पण दोन वर्षांनी आख्खी जागा घालवण्यापेक्षा ही तडजोड बरी. कुठल्याही जागेची निवड करताना निकष आधी लेखी ठरवा, मग जागा बघा. उलटं झालं की निकष मालकाकडे बघून लिहिले जातात.

आपलेच लोक

ठेकेदारापेक्षा मतदाराला नाही म्हणणं जड जातं. मेन रोड, रविवार कारंजा, भद्रकाली इथले फेरीवाले हटवा म्हणून दुकानदार येतात आणि हटवू नका म्हणून फेरीवाले, दोघांनीही मत दिलेलं. इथे आश्वासन देऊ नका, प्रक्रिया सांगा. २०१४ च्या फेरीवाला कायद्यानुसार सर्वेक्षण, शहर फेरीवाला समिती आणि फेरीवाला क्षेत्र हे टप्पे आहेत. तुमच्या प्रभागातल्या रस्त्यांचं सर्वेक्षण झालंय का, कोण यादीत आहे, एवढी माहिती दोघांनाही एकाच बैठकीत द्या. वेगवेगळ्या बैठका घेतल्या की वेगवेगळी आश्वासनं दिली जातात. नळजोडणी, दाखले, घरपट्टीची दुरुस्ती यांसाठी लोकांना लोकसेवा हक्क कायद्यातली मुदत सांगायची सवय लावा. २०१५ च्या या कायद्याने ठरावीक दिवसांत सेवा मिळणं हा हक्क झालाय, त्यासाठी नगरसेवकाच्या फोनची गरज पडू नये. फोन करणं बंद केलंत तर लोक म्हणतील काम करत नाही. म्हणून पहिलं वर्ष फोनही करा आणि अर्जही भरून घ्या, मग हळूहळू फोन कमी करा.

शेवटी फलक. बेकायदा फलकांविरुद्ध मुंबई उच्च न्यायालयाने २०१७ साली स्पष्ट आदेश दिले, त्यानंतरही वाढदिवस आला की नाशिकमध्ये सीबीएस बसस्थानकापासून द्वारका सर्कलपर्यंत चौक झाकले जातात. फलक तुम्ही लावत नाही, कार्यकर्ते लावतात, आणि पैसे कोण देतं ते वहीतला तिसरा रकाना सांगेल. वाढदिवसाच्या आठ दिवस आधी कार्यकर्त्यांच्या ग्रुपवर एकदा सांगा. तीन दिवस आधी आपल्या विभागीय अधिकाऱ्यांना पत्र द्या: "माझ्या नावाचा वा छायाचित्राचा कोणताही विनापरवाना फलक आढळल्यास विनाविलंब काढावा." खाली प्रभागातल्या चौकांची नावं लिहा आणि पोच घ्या. पहिल्या वर्षी दोन-तीन पोरं रुसतील, त्यांना रक्तदान शिबिराच्या नोंदणीच्या टेबलावर बसवा.